आधी आलं ते आधी बाहेर

ज्याला गोदाम लावता येतं त्याला जगातलं काहीही लावता येतं, असं गुंडप्पांचं ठाम मत होतं आणि ते मत ते न मागताही देत असत. परळीच्या मोंढ्यात, म्हणजे धान्यबाजारात, त्यांचं पशुखाद्याचं दुकान. पुढं दुकान, मागं गोदाम, वर घर. सरकी पेंड, गव्हाचा भुसा, मक्याचा भरडा अशा थप्प्या पत्र्याला टेकलेल्या. पण पस्तीस वर्षांत एका पोत्याला बुरशी लागली असेल तर शपथ! कारण त्यांचा एक नेम होता. आधी आलं ते आधी बाहेर. नवा माल मागं, जुना माल पुढं, आणि जुना संपल्याशिवाय नव्याला हात लावायचा नाही.

हा नेम गोदामापुरता राहिला असता तर कुणाची तक्रार नव्हती. पण गुंडप्पा तो घरातही चालवत. फ्रिजमधली कोथिंबीर, कपाटातले सदरे, डब्यातले लाडू, सगळं तारखेवार! पाहुण्यांतसुद्धा जो आधी आला त्याला आधी चहा आणि आधी निरोप. त्यांच्या पत्नी गंगासागरबाई एकतीस वर्षं हे बघत आल्या होत्या आणि सवय झाली असं म्हणत होत्या.

गंगासागरबाई धारूरच्या. माहेरी दावणीला आठ-दहा जनावरं असायची. सासरी निघताना आईच्या गळ्यात पडून त्या जेवढ्या रडल्या, त्याहून जास्त कपिला नावाच्या गाईच्या गळ्यात पडून रडल्या. वऱ्हाडाची बस तासभर खोळंबली. तेव्हा नव्या नवरदेवानं, म्हणजे गुंडप्पांनी, सगळ्यांसमोर शब्द दिला होता, "रडू नको. वर्षाच्या आत दारात गाय बांधतो."

वर्ष झालं, दोन झाली, एकतीस झाली. मागं मोकळं आवार होतं तिथं गाय बांधायची ठरलं होतं. पण धंदा वाढला, आवारावर पत्रे पडले आणि तिथंही थप्प्या लागल्या. चाळीस गावांच्या जनावरांना खाऊ घालणाऱ्या माणसाच्या दारात शेपूट म्हणून नव्हतं. गुंडप्पांना हे अधूनमधून टोचायचं, नाही असं नाही. पण ते दर वेळी गोदामाकडं बघून म्हणायचे, "जागा कुठाय?"

मग घरात व्हिडिओ गेमचं मशिन आलं.

आणलं होतं मुलानं, वीरेशनं. तो पुण्याला नोकरीला गेला, तिथं एका खोलीत चौघं राहणार, म्हणून मशिन घरीच टीव्हीखाली राहिलं. परळीत वीजकेंद्राची राख उडते, रोज फडकं मारलं नाही तर संध्याकाळपर्यंत कशावरही त्या राखेत नाव लिहिता येतं. गंगासागरबाई मशिनवर रोज फडकं मारायच्या. असंच एकदा पुसताना बटण दाबलं गेलं आणि टीव्हीवर हिरवंगार रान उघडलं. रानात गोठा. गोठ्यात एक गाय! बाईंच्या हातातलं फडकं तसंच राहिलं.

सुट्टीत आलेल्या वीरेशनं आईला सगळं शिकवलं. पेरायचं कसं, धार काढायची कशी, चारा कुठं मिळतो, जनावराला नाव कसं द्यायचं. आठ महिन्यांत एकीच्या बारा गाई झाल्या. कपिला, तांबडी, मोरी, हरणी, चांदी, सगळ्यांची नावं माहेरच्या दावणीतली. रोज अकरा ते एक टीव्ही गाईंचा. पोळ्याला तर बाईंनी पुरणपोळीचा नैवेद्य दाखवून टीव्हीला ओवाळलं होतं, आणि गुंडप्पा खालून ओरडले होते, "अगं, काचेला कुंकू लावू नको, डाग पडतील!"

आता वीरेशनं बापासाठी क्रिकेटच्या खेळाची डिस्क कुरिअरनं पाठवली होती. गुंडप्पा वाट बघत होते ती मशिन एकट्याच्या हाती येण्याची. गुरुवारी तो योग आला. भावाच्या नातीचं बारसं, म्हणून गंगासागरबाई धारूरला निघाल्या.

"जेवण फ्रिजमदी हाय," स्टँडवर त्यांनी बजावलं. "आन् त्या मशिनला हात लावू नका. कपिला गाभण हाय. रविवारी आले की बघते तिच्याकडं."

"मी कावून हात लावू? मला दुसरं काम न्हाई का?"

एसटीनं वळण घेतलं आणि गुंडप्पांनी खिशातली डिस्क चाचपली.

घरी येऊन त्यांनी हातपाय धुतले. नव्या वजनकाट्याला ओढतात तशी मशिनला विभूतीची तीन बोटं ओढली आणि डिस्क आत सारली. मशिननं ती गिळली, थोडं घुरघुरलं आणि पडद्यावर अक्षरं आली. 'नॉट इनफ स्पेस.' नवा खेळ बसवायला जागा नाही, आधीचं काहीतरी काढा.

दुसरा कुणी असता तर घाबरला असता. गुंडप्पा मोठ्यानं हसले. "गोदाम भरलंय म्हण की सरळ! हे मला सांगायलास का?"

मशिननं भरलेल्या मालाची यादी दाखवली. नऊ खेळ. कुठला किती जागा खातो, कुठला कोणत्या तारखेला आला, सगळं लिहिलेलं! तारखेवार लावायचीही सोय होती. गुंडप्पांना मशिनबद्दल एकदम आदर वाटला. हे बनवणाऱ्याच्या बापाचं नक्की कुठंतरी मोंढ्यात दुकान असणार.

पण ते बेफिकीर नव्हते. बायकोच्या गाई आधी बाजूला काढून ठेवायला हव्यात, एवढी अक्कल त्यांना होती. प्रत्येक खेळापुढं एक छोटं चित्र होतं. गाईंच्या खेळावर गाईचं चित्र असणार हे उघडच होतं. त्यांनी चष्मा पुसून एकेक चित्र न्याहाळलं. पाचव्या चित्रात अंधार होता, आणि अंधारात दोन शिंगं.

"ही गंगासागरची," ते म्हणाले. "हिला धक्का लावायचा न्हाई."

मग नेम. तारखेनं सगळ्यात जुना माल यादीच्या तळाला होता. त्याच्यापुढं लाल ट्रॅक्टरचं चित्र आणि लांबलचक इंग्रजी नाव. वीरेशची ट्रॅक्टरची शर्यत असणार. पोरगा पुण्याला गेला, आता कोण पळवतंय ट्रॅक्टर! त्यांनी बटण दाबलं. मशिननं विचारलं, काढू का? होय. मशिननं पुन्हा विचारलं, नक्की? गुंडप्पांना जरा रागच आला. एकदा सांगितलेलं दुकानातल्या भागवत हमालालाही कळतं. होय!

क्रिकेटचा खेळ बसला. गुंडप्पा फलंदाजीला उतरले आणि पहिल्या चेंडूवर त्रिफळाचीत झाले. दुसऱ्या खेपेला पहिल्या चेंडूवर. तिसऱ्या खेपेला मात्र दुसऱ्या चेंडूवर, म्हणजे हात बसत चालला होता. समाधानानं त्यांनी ठरवलं, आता जाता जाता गाईंवर एक नजर टाकावी. बायकोला फोनवर सांगता येईल, सगळं बरं आहे.

त्यांनी शिंगांचं चित्र उघडलं.

आत पाऊस पडत होता. अंधारातून दोन शिंगांचा, लाल डोळ्यांचा एक सात फुटी गडी कुऱ्हाड घेऊन आला आणि त्यानं गुंडप्पांचे उभे दोन तुकडे केले.

ही कपिला नव्हती.

गुंडप्पांनी उरलेले सगळे खेळ एकेक करून उघडले. कुठं मोटारी, कुठं बंदुका, कुठं डोंगरावरून उड्या. रान नाही, गोठा नाही, बारा गाईंपैकी एकीचं शेपूट नाही. तेव्हा कुठं त्यांच्या डोक्यात आलं की लाल ट्रॅक्टर शेतातच चालतो.

शुक्रवारी सकाळी दुकान उघडल्या उघडल्या त्यांनी गादीवर बसून वीरेशला फोन लावला.

"अप्पा, मीटिंगमधे आहे. लवकर बोला."

"वीरेश, गाई गेल्या रे!"

"कुठल्या गाई?"

"कुठल्या म्हंजी? आपल्या! बाराच्या बारा! कपिला तर गाभण व्हती!"

पलीकडं दार उघडून वीरेश बाहेर आल्याचा आवाज आला. "अप्पा, तुम्ही काय केलं?"

"गोदाम आवरलं."

वीरेशनं बापाला समजेल अशा भाषेत विचारलं. "खेळ म्हणजे गोठा. त्यात साठवलेलं असतं, त्या गाई. तुम्ही नुसता गोठा पाडलात की गाईपण घालवल्या?"

"मला का ठावं? दोनदा इचारलं, दोनदा होय म्हणलं!"

"गोठा परत बांधता येईल. तो खेळ परत डाउनलोड करा. मी सांगतो तसं बटण दाबा. पण गाई आहेत की गेल्या, ते उघडल्यावरच कळेल."

"किती येळ लागंल?"

"आपल्या नेटवर? एक-दीड दिवस. आईला सांगितलंत का?"

"तिला कोन सांगणार? आरं, ती जेवणार न्हाई!" गुंडप्पांचा आवाज फाटला. "आठ म्हैने जिवापाड जपल्या तिनं. मी एका मिनटात मारल्या!"

त्यांनी फोन ठेवला, डोळे पुसले आणि वर पळाले. वजनकाट्यापाशी उभा असलेला भागवत हमाल तोंड उघडं टाकून बघत राहिला. भागवत या दुकानात पंचवीस वर्षं पोती उचलत होता. शेठच्या बारा गाई आहेत, हे त्याला आजच कळत होतं. सासुरवाडीच्या रानात ठेवल्या असणार! आधी त्याला राग आला. पंचवीस वर्षांत एका शब्दानं सांगू नये? मग शेठचे डोळे आठवले आणि राग विरघळला. एवढं दुःख माणसानं एकट्यानं भोगू नये, असं त्याला मनापासून वाटलं. म्हणून त्यानं ते फोनवरून चाळीस गावांना वाटून टाकलं.

वर डाउनलोड सुरू झालं होतं. दोन टक्के. तीन टक्के. अकराला लाईट गेली. ज्या गावातून दुनियेला वीज जाते त्या गावातली लाईट गेली म्हणजे माणसानं कुणाच्या तोंडाकडं बघावं! गुंडप्पा चोवीस पायऱ्या उतरून खाली आले, तर दुकानात सात-आठ माणसं टोप्या हातात घेऊन बसलेली.

"वाईट झालं शेठ," एकजण म्हणाला.

"मुकं जित्राब," दुसरा म्हणाला. "त्यात गाभण."

गुंडप्पांना क्षणभर काहीच उमगेना. मग भागवतचा ओलसर चेहरा दिसला आणि सगळं उमगलं. खरं सांगायला त्यांनी तोंड उघडलंही होतं. पण सांगायचं काय? पस्तीस वर्षं गोदाम सांभाळणाऱ्या माणसानं माल ओळखायला चूक केली? नको तो माल काढून टाकला? त्यांनी तोंड मिटलं आणि मान खाली घातली. बसायला आलेल्यांना ती मान दुःखानं खाली गेलेली वाटली. भागवतनं सगळ्यांना चहा सांगितला.

शुक्रवारभर माणसं येत होती. गुंडप्पा दर अर्ध्या तासानं "आलोच" म्हणून वर जायचे, टक्के बघायचे आणि पडलेल्या चेहऱ्यानं खाली यायचे. शेठला सारखं रडू येतंय, वर जाऊन मोकळे होतायत, असं भागवत दबक्या आवाजात सांगायचा.

शनिवारी सकाळी मात्र गोष्ट निराळ्याच वाटेला लागली. साखराबाई आली. तिच्या दोन म्हशी, आणि जीभ चार म्हशींइतकी. डोक्यावरचं पेंडीचं पोतं तिनं दुकानाच्या पायरीवर धाडकन टाकलं.

"शेठ, एक सांगा. तुमच्या गाई पेंड कोन्ती खात व्हत्या?"

"म्हंजी?"

"तुमच्याच दुकानची ना? मंग मेल्या कशानं? एका दिसात बारा? मला न्हाई पायजे ही पेंड. घ्या माघारी!"

दुकानात बसलेल्यांनी एकमेकांकडं बघितलं. अकरा वाजेपर्यंत पायरीवर अठरा पोती माघारी आली होती आणि पायरीपुढं पन्नास माणसं उभी होती. पस्तीस वर्षं बुरशीचा डाग न लागलेलं नाव टीव्हीतल्या गाईंपायी जायची पाळी! आता गप्प बसून भागणार नव्हतं. गुंडप्पा एका पोत्यावर चढून उभे राहिले.

"ऐका! माझ्या पेंडीनं एक बी जनावर मेलेलं न्हाई! मला गाईच न्हाईत! त्या गाई टीव्हीतल्या व्हत्या!"

भागवतनं पंचा ओला करून आणला आणि हळूच शेठच्या टाळूवर ठेवला.

"शेठ, खाली उतरा. पानी घ्या."

"आरं, खरं सांगायलोय! टीव्हीतल्या! खेळातल्या!"

"टीव्हीतली गाय मरती व्हय कधी?" साखराबाईनं विचारलं.

"आवो, मी मारली! बटन दाबून मारली! बाराच्या बारा!"

पन्नास माणसं एक पाऊल मागं सरली. "डोक्यावर परिनाम झालाय," कुणीतरी हळहळलं. "दुःख आत दाबून ठेवलं की आसंच व्हतं."

तेवढ्यात गर्दी बाजूला करत एक पिकअप येऊन दुकानासमोर थांबली. चाकावर बंकट होता. धारूरकडच्या वस्तीवरचा, गुरं राखणाऱ्या घरातला. एका दुष्काळाच्या वर्षी, आवारावर पत्रे पडायच्या आधी, गुंडप्पांनी त्याची सगळी जनावरं मागच्या मोकळ्या आवारात बांधून घेतली होती, चार महिने. ते बंकट विसरला नव्हता. पिकअपच्या हौद्यात एक तांबूस गाभण गाय उभी होती, आणि गाईच्या मानेवर हात टाकून शेजारी उभ्या होत्या गंगासागरबाई!

गुंडप्पा पोत्यावरून उतरले नाहीत, घसरले.

"राम राम शेठ," बंकट उतरून म्हणाला. "काल सांच्याला कानावर आलं. आमच्यात दावन मोकळी ठेवत न्हाईत. एक गेली तर दुसरी लगोलग बांधायची, न्हाईतर घराला करमत न्हाई. ही घ्या. सकाळी सांगायला अक्काच्या माहेरी गेलतो, तर अक्का ऐकल्या आन् तशाच गाडीत बसल्या. एक शब्द बोलल्या न्हाईत."

बोलणार काय? चाळीस गावांत सगळ्यांना प्रश्न पडला होता की शेठच्या गाई कुठल्या. गाभण गाय गेली म्हटल्यावर ती कोणती आणि कशी गेली, हे ओळखणारी एकच बाई होती, आणि ती बारशाच्या पाळण्यापाशी बसली होती.

बाई हौद्यातून उतरल्या. नवऱ्यासमोर येऊन उभ्या राहिल्या. त्यांच्या टाळूवरचा ओला पंचा बघितला.

"कितीवर आलंय?" त्यांनी हळू विचारलं.

गुंडप्पांनी घाईघाईनं पंचा ओढून काढला. "तुला... तुला कुनी...?"

"वीरेशला फोन केलता वाटंनं. कितीवर आलंय?"

"सत्त्याण्णव."

बाई वर निघाल्या. गुंडप्पा त्यांच्यामागं. आणि काय चाललंय ते कुणालाच कळत नसल्यामुळं सगळा मोंढा त्यांच्यामागं. चोवीस पायऱ्यांवर चपलांचा खच पडला. बैठकीत माणसं मावेनात, तेव्हा काही खिडकीच्या कट्ट्यावर बसली. साखराबाईनं सोफ्यावरची चांगली जागा धरली. पडद्यावर अठ्ठ्याण्णव झालं. नव्व्याण्णव झालं.

आणि लाईट गेली.

कुणी हललं नाही. गुंडप्पा बायकोशेजारी खाली सतरंजीवर बसले होते. एवढी माणसं आहेत हे ते विसरून गेले.

"मी तुला गाईचा शब्द दिलता," ते म्हणाले. "एकतीस वर्षं झाली. ती तर आणली न्हाई. तू तुझ्या हातानं केलेल्या, त्या बी मीच घालवल्या. मला लई वाईट वाटायलंय, गंगासागर."

एकतीस वर्षांत गुंडप्पांनी चूक कबूल केलेली बाईंनी पहिल्यांदाच ऐकली. त्यांनी पदर डोळ्याला लावला.

"गेल्या आसतील तर परत करीन," त्या म्हणाल्या. "नावं तोंडपाठ हायेत मला. आठ म्हैनेच लागतील."

हे ऐकून गुंडप्पांना जे काही झालं ते सांगण्यासारखं नाही. चाळीस गावांत पेंड विकणारा माणूस लहान पोरासारखा रडला. भागवतनं पंचा पुन्हा ओला करून आणला.

वीस मिनिटांनी लाईट आली. शंभर झालं. बाईंनी रिमोट घेतला. लाल ट्रॅक्टर आला, रान आलं, फाटक उघडलं आणि गोठ्यात ओळीनं बाराच्या बारा गाई रवंथ करत उभ्या होत्या!

"कपिला!" बाई ओरडल्या.

बैठकीत असा गलका उठला की खाली हौद्यातली खरी गायसुद्धा हंबरली. गोठा पडला होता, गाई शाबूत होत्या. बंकट पडद्याच्या अगदी जवळ जाऊन उकिडवा बसला आणि एकेक जनावर जोखू लागला. "मोरी नंबर एक हाय. हरनीची पाठ जरा बसकी हाय अक्का. ही कपिला, हिचे दिस भरलेत. आज-उद्यात व्यायला पायजे."

"आजच," बाई म्हणाल्या. त्यांनी कसलंसं बटण दाबलं. खेळातली रात्र झाली, खेळातली सकाळ झाली आणि कपिलाच्या पायाशी एक वासरू धडपडत उभं राहिलं. साखराबाईच्या डोळ्यात पाणी आलं. "शेठ, पेढे आना! आन् माझं पोतं मी माघारी नेते. अशी तुकतुकीत कातडी बगून कोन म्हनंल पेंड वाईट हाय?"

टीव्हीतल्या गाई कुणाच्या दुकानची पेंड खातात, हे तिला विचारायचं धाडस कुणी केलं नाही. गुंडप्पांनी पेढे मागवले. टीव्हीतल्या वासराच्या जन्माचे पेढे त्या दिवशी सबंध मोंढ्यानं खाल्ले.

पेढा खाता खाता भागवतनं पडद्यावर बोट ठेवलं. फाटकापाशी एक जाडसर गाढव उभं होतं. "वैनी, ह्ये का काम करतंय?"

"काय न्हाई," बाई म्हणाल्या. "दिसभर दारात हुबं ऱ्हातं आन् येणाऱ्या-जाणाऱ्याकडं बगतं. पर मला त्याच्याबिगर करमत न्हाई."

"आन् नाव?"

बाईंनी रिमोट पटकन खाली ठेवला. पण गाढवाच्या डोक्यावर अक्षरं उमटून गेली होती आणि वीरेशनं शिकवलेलं इंग्रजी स्पेलिंग बिनचूक होतं. गुंडप्पा. पन्नास माणसांनी पेढा तोंडात धरून छताकडं बघितलं.

खाली आल्यावर बघतात तो बंकटनं आणलेली गाय उतरून थेट गोदामात शिरली होती आणि सगळ्यात मागच्या, कालच आलेल्या थप्पीचं पोतं फोडून खात होती. गुंडप्पा पोतं सावरायला धावले. जुना माल पुढं असताना नवा!

"बंकट, तुझे लई उपकार," ते म्हणाले. "पर आता आमच्या गाई सापडल्यात. हिला घेऊन जा."

"ही कुठं जात न्हाई," गंगासागरबाई म्हणाल्या. दीड तास तिच्या मानेवर हात ठेवून आल्या होत्या त्या, आणि तो हात आता पुन्हा तिथंच होता.

"अगं पर जागा कुठाय? गोदाम भरलंय."

"मंग काय तरी काढा. तुमचा नेम हाय की. आधी आलं ते आधी भायेर." बाईंनी सगळीकडं नजर फिरवली. "ह्या गोदामात सगळ्यात आधी काय आलं?"

गुंडप्पा विचार करू लागले. पेंड या आठवड्याची. भरडा परवाचा. वजनकाटा चार वर्षांपूर्वीचा. भागवत पंचवीस वर्षांचा. त्यांची नजर फिरत फिरत गोदामाच्या तोंडाशी आली. तिथं हवेशीर, पंख्याखालच्या जागी, दुकानाच्या पहिल्या दिवशी घातलेली त्यांची गादी होती. लोड, गल्ला आणि गादीवर बसणारे ते स्वतः. गाय बांधायला अगदी बेताची जागा.

"काढू का?" बाईंनी विचारलं.

गुंडप्पांनी भागवतकडं बघितलं. भागवत दुसरीकडं बघत होता.

"होय," ते म्हणाले.

"नक्की?"

"होय!"

आता पंख्याखाली कपिला असते. हो, हिचंही नाव कपिलाच. परवा ती व्याली. मशिनवरची धूळ हल्ली गुंडप्पाच पुसतात, कारण बाईंना वर यायला वेळ नाही. गुंडप्पा बाहेर पत्र्याच्या सावलीला प्लॅस्टिकच्या खुर्चीवर असतात. दिवसभर दारात बसतात आणि येणाऱ्या-जाणाऱ्याकडं बघतात. कुणी विचारलंच, "शेठ, भायेर कावून?" तर ते खुर्ची थोडी सावलीत ओढतात आणि म्हणतात, "आमच्यात तारखेवार चालतं."